मृतांचा पाहुणचार

नोव्हेंबर महिन्याची पहिली तारीख. मेक्सिको देशांतील एका खेड्यांत एका घराचें दार संध्याकाळपासून उघडें टाकलेलें आहे. रस्त्यापासून उंबरठ्यापर्यंत आणि उंबरठ्यापासून आंतल्या खोलीपर्यंत झेंडूच्या केशरी पाकळ्यांची वाट घातलेली आहे. खोलींतील मेजावर स्वच्छ कापड अंथरलेलें, त्यावर मेणबत्त्या, पाण्याचा पेला, मिठाची वाटी, ताजा पाव, फळें, वाफाळणारें अन्न आणि मध्यभागीं एका वृद्ध गृहस्थाचें छायाचित्र. बायकांची लगबग चालली आहे. मेजावरच्या पदार्थांना अजून हात लावावयाचा नाहीं, असें मुलांना पुन्हां पुन्हां बजावलें जात आहे. पाहुणा यावयाचा आहे. तो वर्षांतून एकदांच येतो, थोडा वेळ थांबतो आणि निघून जातो. त्याची वाट चुकूं नये म्हणून ही सारी तयारी. हा पाहुणा म्हणजे कांहीं वर्षांपूर्वीं वारलेला या घरचा आजोबा.

या उत्सवास स्पॅनिश भाषेंत ‘दीआ दे मुएर्तोस’ म्हणजे ‘मृतांचा दिवस’ असें म्हणतात. मेक्सिकोबाहेरच्या जगाला त्याची ओळख बहुधा कवट्यांच्या द्वारें होते. साखरेच्या कवट्या, कागदी सांगाडे, कवटीसारखे रंगविलेले चेहरे आणि दफनभूमींत चाललेलें गाणें-बजावणें पाहून परका प्रवासी सहज असा निष्कर्ष काढतो कीं, मेक्सिकन मनुष्याला मृत्यूचें भय नाहीं. तो मृत्यूची थट्टा करतो. या समजुतीला त्या देशांतल्याच थोर लेखकांचा आधार मिळाला आहे. पुढें भारतांत मेक्सिकोचे राजदूत म्हणून राहिलेले कवि ओक्ताव्हिओ पाझ यांनीं आपल्या राष्ट्राच्या स्वभावाची मीमांसा करणारा जो निबंधग्रंथ १९५० सालीं प्रसिद्ध केला, त्यांत मृत्यूशीं असलेल्या या सलगीचें विवेचन आहे. तेव्हांपासून ही कल्पना जगभर रूढ झाली.

परंतु घराच्या आंत डोकावून पाहिलें म्हणजे या कल्पनेविषयीं शंका येऊं लागते. ज्या घरांत वर्षापूर्वीं लहान मूल गेलें आहे, तेथील आई मेजावर खेळणें मांडतांना थट्टा करीत नसते. तिची सलगी मृत्यूशीं नसून गेलेल्या मुलाशीं असते. मृत्यु सर्वांना सारखाच. पण मृत मनुष्य हा कोणी एक असतो. त्याला नांव असतें, चेहरा असतो, आवडीनिवडी असतात. हा सगळा उत्सव त्या नांवाभोंवतीं रचलेला आहे, आणि त्याचें बळ व त्याची वेदना हीं दोन्हीं या एका गोष्टींतून कळतात.

प्रथम दिवसांचा क्रम पाहूं गेल्यास, पाहुणे एकदम येत नाहींत. पुष्कळ ठिकाणीं २८ ऑक्टोबर हा दिवस अपघातानें किंवा घातपातानें मेलेल्यांसाठीं राखलेला असतो. ३१ ऑक्टोबरच्या रात्रीं लहान मुलें येतात, आणि १ नोव्हेंबरचा दिवस त्यांचा असतो. त्यांना ‘आंखेलीतोस’ म्हणजे छोटे देवदूत म्हणतात. त्यांच्यासाठीं मांडलेलें अन्न तिखट नसतें. कप आणि ताटल्याही लहान असतात. १ तारखेस दुपारनंतर मुलें परततात आणि वडीलधारीं माणसें येऊं लागतात. २ नोव्हेंबर हा त्यांचा दिवस. मुलें पुढें धांवत येतात आणि मोठीं माणसें मागून सावकाश येतात, ही कल्पना कोणत्याही घरांतील मनुष्याला ओळखीची वाटेल.

मेजावरील मांडणीस ‘ओफ्रेंडा’ म्हणजे अर्पण असें नांव आहे. ती कोठें दोन पायऱ्यांची, कोठें तीन, तर कोठें सात पायऱ्यांची असते; परंतु तीवरील बहुतेक प्रत्येक वस्तूस कांहीं तरी काम नेमून दिलेलें आहे. पाणी कशासाठीं, तर दूरच्या प्रवासानें पाहुण्याला तहान लागलेली असते. मीठ शुद्धीसाठीं. मेणबत्ती वाट दिसावी म्हणून. कोपाल नांवाच्या झाडाचा राळेसारखा चीक निखाऱ्यावर घालून धूप करतात, तो वाईट शक्तींना दूर ठेवण्यासाठीं आणि घराची खूण वासानें पटावी म्हणून. वर पातळ रंगीत कागदाच्या, नक्षी कोरलेल्या पताका लावतात. पुएब्ला प्रांतांतील सान साल्व्हादोर विस्कोलोत्ला या गांवचे कारागीर अशा कागदांचे थर एकावर एक रचून छिन्नी-हातोडीनें एकाच वेळीं कोरतात. हा कागद वाऱ्यानें हलला म्हणजे पाहुणा आला, असें कित्येक घरांत समजतात.

खरें महत्त्व मात्र अन्नाचें. मृतांचा म्हणून एक खास पाव या दिवसांत सर्वत्र भाजला जातो. तो गोल असतो, त्याला संत्र्याच्या फुलांचा किंवा सालीचा सुवास असतो, आणि वर कणकेच्याच पट्ट्यांनीं हाडांची आकृति काढलेली असते. त्याच्या जोडीला मक्याच्या कणसाच्या सालींत गुंडाळून, आपल्याकडील पानग्यांची आठवण व्हावी अशा रीतीनें, वाफवलेले ‘तामाल’ असतात. सुक्या मिरच्या, तीळ, मसाले आणि किंचित् कोको वाटून केलेला ‘मोले’ नांवाचा दाट रस्सा असतो. मक्याच्या पिठाची गोड पेज असते. परंतु एवढ्यानें ओफ्रेंडा पुरी होत नाहीं. जो गेला त्याला काय आवडत होतें, हा प्रश्न प्रत्येक घरांत विचारला जातो. कोणासाठीं विशिष्ट तंबाखूची विडी, कोणासाठीं मद्याचा छोटा पेला, कोणासाठीं फार साखर घातलेली कॉफी. मृत मनुष्य अन्नाचा केवळ सुगंध घेतो, आणि म्हणून मागाहून त्या अन्नाची चव उतरलेली लागते, अशी लोकांची श्रद्धा आहे. श्रद्धेचा भाग बाजूस ठेवला तरी एक गोष्ट स्पष्ट आहे. आजोबांना कॉफी किती गोड लागत असे, हें नातवंडांना कळण्याचा याहून सोपा मार्ग नाहीं.

या मांडणींतील झेंडूचें फूल मराठी श्रोत्यांच्या विशेष परिचयाचें आहे. दसऱ्याच्या दिवशीं महाराष्ट्रांतील दारोदारीं ज्याचीं तोरणें लागतात, त्या झेंडूचें मूळ स्थान मेक्सिको आणि त्याच्या आसपासचा प्रदेश हें होय. सोळाव्या शतकानंतर युरोपियन दर्यावर्दींच्या जहाजांतून जीं अनेक झाडें जगभर पसरलीं, त्यांत मिरची, मका आणि तंबाखू यांच्याबरोबर हें फूलही होतें. मेक्सिकोंत त्यास ‘सेंपासूचिल’ म्हणतात. हा शब्द आझ्टेक लोकांच्या नाउआत्ल भाषेंतील असून त्याचा मूळ अर्थ ‘वीस फुलें’ असा होतो. वीस म्हणजे पुष्कळ, अनेक पाकळ्यांचें फूल. पावसाळा सरतां सरतां तें तेथेंही फुलतें, आणि त्याचा भडक रंग व उग्र वास मृतांना दुरूनही जाणवतो, असें मानतात. महाराष्ट्रांत जें फूल विजयाचें आणि शुभकार्याचें झालें, तेंच त्याच्या मायदेशीं परतणाऱ्या मृतांचें वाटाड्या आहे.

या उत्सवाचा उगम कोठें, याविषयीं विद्वानांत मोठा वाद आहे. स्पॅनिश लोक येण्यापूर्वीं मध्य मेक्सिकोंत वीस वीस दिवसांचे अठरा महिने मानीत असत. त्यांतील एक महिना लहान मृतांच्या उत्सवाचा, आणि त्यालगतचा दुसरा मोठ्या मृतांच्या उत्सवाचा होता. हे दोन्ही महिने ऑगस्टच्या सुमारास येत. मरणोत्तर गति ही मनुष्याच्या आचरणावर नसून त्याला मरण कसें आलें यावर अवलंबून असते, असा आझ्टेक लोकांचा समज होता. रणांत पडलेले योद्धे आणि बाळंतपणांत गेलेल्या स्त्रिया सूर्याच्या सोबतीला जात. पाण्यांत बुडालेले पर्जन्यदेवाच्या हिरव्यागार प्रदेशांत जात. तान्हीं मुलें अशा एका वृक्षाखालीं राहत कीं, ज्याच्या फांद्यांतून दूध ठिबकत असे. आजारानें किंवा म्हातारपणानें मेलेल्या सामान्य माणसांना मात्र मिक्तलान नांवाच्या पाताळाची वाट चार वर्षें चालावी लागे. वाटेंत एक नदी लागे, आणि ती ओलांडावयास कुत्र्याची मदत लागे; म्हणून प्रेताबरोबर कुत्राही देत. हीं चार वर्षें घरचीं माणसें ठराविक दिवशीं मृतासाठीं अर्पणें करीत. बेर्नार्दीनो दे साआगून या ख्रिस्ती साधूनें सोळाव्या शतकांत तद्देशीय वृद्धांस विचारून हें सर्व लिहून ठेविलें आहे.

१५२१ सालीं आझ्टेकांची राजधानी पडली. त्याच्या आदल्या वर्षीं देवीची सांथ आली होती; पुढें १५४५ आणि १५७६ या सालीं त्याहूनही भयंकर सांथी आल्या, आणि गांवेंच्या गांवें ओस पडलीं. देवळें पाडलीं गेलीं, जुने उत्सव बंद झाले, आणि त्यांच्या जागीं ख्रिस्ती पंचांग आलें. त्या पंचांगांत १ नोव्हेंबर हा सर्व संतांचा आणि २ नोव्हेंबर हा सर्व मृतात्म्यांचा दिवस होता. यांपैकीं दुसऱ्या दिवसाची प्रथा फ्रान्समधील क्लुनी येथील मठाधिपति ओदिलो यानें इसवी सन १००० च्या सुमारास घालून दिली होती. हाच दिवस पोर्तुगीजांबरोबर गोव्यांतही आला. तेथील ख्रिस्ती कुटुंबें २ नोव्हेंबरला दफनभूमींत जाऊन थडगीं साफ करतात, फुलें वाहतात आणि मेणबत्त्या लावतात. गोव्यांतील आणि मेक्सिकोंतील प्रथेंत जें सामान्य आहे तें रोमन चर्चचें देणें आहे, असें म्हणतां येईल.

परंतु मेक्सिकोंत एवढ्यावर थांबलें नाहीं. दिएगो दुरान नांवाच्या दुसऱ्या एका साधूस सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धांत असें आढळलें कीं, सर्व संतांच्या दिवशीं तद्देशीय लोक मृत मुलांसाठीं अर्पणें करतात, आणि दुसऱ्या दिवशीं मोठ्यांसाठीं. त्यानें कारण विचारलें तेव्हां, ही फार जुनी चाल आहे, एवढेंच उत्तर त्यास मिळालें. लहान मृतांचा उत्सव आणि मोठ्या मृतांचा उत्सव ऑगस्टमधून उठून नव्या धर्माच्या आश्रयाला आले असावेत, अशी शंका त्या चाणाक्ष साधूस आली. याच्या उलट, या उत्सवांतील पाव, मेणबत्त्या, साखरेचीं चित्रें आणि थडग्यांची भेट हीं सर्व मूळचीं स्पेनमधील होत, आणि आझ्टेक उगमाची कथा १९१० ते १९२० या काळांतील क्रांतीनंतर राष्ट्राभिमानानें रंगविली गेली, असें एल्सा माल्व्हीदो या मेक्सिकन इतिहाससंशोधक विदुषींनीं प्रतिपादन केलें. दोन्ही पक्षांजवळ पुरावा आहे. पाव गव्हाचा, म्हणून स्पेनचा. तामाल मक्याचे, म्हणून त्या भूमीचे. मेणबत्ती चर्चची, धूप जुन्या देवळाचा. ओफ्रेंडावर मात्र हीं सारीं शेजारीं शेजारीं मांडलेलीं असतात, आणि ज्यांनीं तीं मांडलीं त्या घरच्या मंडळींस हा वाद ठाऊकही नसतो.

देश मोठा असल्यामुळें प्रांतोप्रांतीं निरनिराळे प्रकार दिसतात. कांपेचे प्रांतांतील पोमूच या माया लोकांच्या गांवीं पुरल्यानंतर सुमारें तीन वर्षांनीं मृताचीं हाडें वर काढून लांकडी पेटींत ठेवतात. दरवर्षीं या दिवसांपूर्वीं घरचीं माणसें दफनभूमींत जाऊन एकेक हाड हलक्या हातानें पुसतात, आणि पेटींतील जुनें वस्त्र काढून नवें, कशिदा काढलेलें, नांव विणलेलें वस्त्र घालतात. परक्याला हें दृश्य भीषण वाटेल. पण तेथील बायका हाडें पुसतां पुसतां मृताशीं घरच्या गोष्टी बोलत असतात. जणूं वर्षातून एकदां त्याला न्हाऊं घालून नवे कपडे दिले जातात. पुएब्ला प्रांतांतील वाकेचूला या गांवीं, त्या वर्षीं ज्या घरांत कोणी वारलें असेल, तें घर पांढऱ्या तलम कापडाची छतास भिडेल अशी प्रचंड मांडणी उभारतें. तीमध्यें मृताचें छायाचित्र असें ठेवतात कीं, तें समोरच्या आरशांतच दिसावें. कारण तो आतां या जगांत नाहीं, त्याचें प्रतिबिंबच काय तें पाहतां येईल. गांवांतील कोणीही, ओळखीचा असो वा नसो, त्या घरीं जाऊन मृताला मान देतो आणि जेवून परत येतो.

मिचोआकान प्रांतांत पात्स्क्वारो नांवाचें सरोवर असून त्यांत हानीत्सिओ हें बेट आहे. तेथील पुरेपेचा स्त्रिया १ नोव्हेंबरच्या रात्रीं दफनभूमींत थडग्यांपाशीं मेणबत्त्या लावून, शाली गुंडाळून, पहाटेपर्यंत जागत बसतात. याच प्रांताच्या डोंगराळ वनांत याच सुमारास एक अद्भुत गोष्ट घडते. कॅनडा आणि अमेरिकेंतून हजारों मैलांचा प्रवास करून केशरी रंगाचीं लाखों फुलपाखरें हिंवाळा काढण्यासाठीं येथें येतात. तीं नेमकीं नोव्हेंबरच्या आरंभीं पोंचत असल्यामुळें, तीं म्हणजे परतलेले आत्मे, अशी समजूत त्या भागांत रूढ आहे.

आतां कवट्यांकडे वळावयास हरकत नाहीं. कारण तेथेंही नांवाचाच प्रश्न आहे. तोलूका येथील बाजारांत या दिवसांत साखरेच्या कवट्यांचे ढीग लागतात, आणि प्रत्येक कवटीच्या कपाळावर एक नांव लिहिलेलें असतें किंवा लिहून मिळतें. तें पुष्कळदां जिवंत मनुष्याचें असतें. मित्र मित्राला त्याच्याच नांवाची कवटी भेट देतो, आणि तो ती हंसत हंसत खातो. ‘कालाव्हेरा’ नांवाचीं विनोदी पद्येंही या दिवसांत रचतात. त्यांत मंत्र्यापासून गल्लींतल्या दुकानदारापर्यंत कोणा जिवंत मनुष्याला मृत कल्पून त्याच्या गुणदोषांचा उपहास केलेला असतो. अशा पद्यांच्या स्वस्त छापील पत्रकांवर सांगाड्यांचीं चित्रें कोरणारा होसे ग्वादालुपे पोसादा हा कारागीर १८५२ सालीं आग्वासकालिएन्तेस येथें जन्मला. मोठी पिसें लावलेली टोपी घातलेल्या कवटीचें त्याचें चित्र प्रसिद्ध आहे. युरोपियन थाट करून आपलें तद्देशीय कुळ लपविणाऱ्या लोकांवरची ती थट्टा होती. कितीही नटलें तरी टोपीखालीं कवटीच, हा तिचा मथितार्थ. चित्रकार दिएगो रिवेरा यानें १९४७ सालीं पुऱ्या केलेल्या आपल्या भव्य भित्तिचित्रांत त्या कवटीस पोषाख आणि देह दिला, आणि तिच्या एका बाजूस पोसादाला, तर दुसऱ्या बाजूस बालरूपांत स्वतःला उभें केलें. आज तीच ‘कात्रीना’ म्हणून साऱ्या जगांत ओळखली जाते.

परंतु पोसादाचें काय झालें? १९१३ सालीं तो मेक्सिको शहरांत दारिद्र्यांत वारला. त्यास धर्मादाय जागेंत पुरलें. आणि कांहीं वर्षांनीं, तेथें हक्क सांगण्यास कोणीच न आल्यामुळें, त्याचीं हाडें इतर बेवारस हाडांबरोबर एका सामाईक खड्ड्यांत टाकलीं गेलीं. मृताचा चेहरा ज्यानें राष्ट्राला काढून दिला, त्याच्या स्वतःच्या थडग्यावर झेंडूचीं फुलें वाहावयाचीं म्हटलें तर थडगेंच नाहीं.

अलीकडच्या काळांत या उत्सवाला मोठें वैभव आलें आहे. संयुक्त राष्ट्रसंघाच्या युनेस्को या संस्थेनें २००३ सालीं त्याचा गौरव केला, आणि २००८ सालीं मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादींत त्याची नोंद केली. २०१५ सालच्या ‘स्पेक्टर’ या इंग्रजी चित्रपटांत मेक्सिको शहराच्या रस्त्यांवरून सांगाड्यांची प्रचंड मिरवणूक जातांना दाखविली आहे. अशी मिरवणूक त्या शहरांत पूर्वीं कधीं निघत नव्हती; चित्रपट पाहून येणाऱ्या प्रवाशांची निराशा होऊं नये म्हणून २९ ऑक्टोबर २०१६ रोजीं ती खरोखरीच काढण्यांत आली, आणि मग ती दरवर्षींची झाली. जुन्या लोकांनीं नाकें मुरडलीं. पण १९ सप्टेंबर २०१७ च्या भूकंपांत शेंकडों माणसें मेल्यावर त्या वर्षीची मिरवणूक मृतांना आणि ढिगारे उपसणाऱ्या स्वयंसेवकांना वंदन करून निघाली. उसन्या मिरवणुकीलाही अखेर रडण्यासाठीं खरीं माणसें सांपडलीं.

२०२० सालीं कोरोनाच्या सांथीमुळें दफनभूमींचीं दारें बंद ठेवावीं लागलीं, आणि ३१ ऑक्टोबर ते २ नोव्हेंबर हे तीन दिवस राष्ट्रीय दुखवट्याचे म्हणून पाळले गेले. मिरवणूक नाहीं, जत्रा नाहीं, थडग्यांपाशीं जागरण नाहीं. तरी उत्सव झाला. कारण घरांतील मेज कोणी बंद करूं शकत नव्हतें. त्या वर्षीं कित्येक मेजांवर नवीं छायाचित्रें होतीं.

असें असतां एक प्रकारचीं घरें मात्र अशीं आहेत कीं, तेथें हा उत्सव करावा कीं करूं नये, हाच प्रश्न पडतो. मेक्सिकोंत नाहींशा झालेल्या माणसांची सरकारी नोंद ठेवली जाते, आणि मे २०२२ मध्यें त्या नोंदींतील संख्या एक लाखाच्या वर गेली. हीं माणसें घरून निघालीं आणि परत आलीं नाहींत. कोणी टोळ्यांनीं पळविलीं, कोणी प्रत्यक्ष रखवालदारांनींच नेलीं. गेरेरो प्रांतांतील आयोत्सिनापा येथील शिक्षकविद्यालयाचे ४३ विद्यार्थी २६ सप्टेंबर २०१४ च्या रात्रीं इग्वाला शहरांतून असेच नाहींसे झाले. त्यांपैकीं तिघांचीं ओळख पटण्याजोगीं हाडें काय तीं सांपडलीं. त्यांच्या आईबापांनीं वर्षानुवर्षें एकच मागणें केलें: मुलें जिवंत नेलीं, जिवंतच परत द्या. विद्यालयाच्या पटांगणांत त्यांच्या नांवानें खुर्च्या मांडल्या गेल्या आणि त्यांवर छायाचित्रें ठेवलीं गेलीं. खुर्ची विद्यार्थ्याची असते. तो वर्गांत परत येणार, असा तिचा अर्थ आहे.

येथें या उत्सवाचें खरें स्वरूप उघड होतें. ओफ्रेंडावर छायाचित्र ठेवणें म्हणजे हा मनुष्य मेला, असें कबूल करणें होय. ज्या आईच्या हातीं मुलाचें एक हाडही आलेलें नाहीं, तिनें तें छायाचित्र तेथें कसें ठेवावें? ठेवावें, तर तिनें स्वतःच त्याला मारल्यासारखें होतें. न ठेवावें, आणि तो खरोखरीच गेला असेल, तर सर्व मृत आपापल्या घरीं जेवत असतां तो एकटा उपाशी राहतो. कांहीं घरांनीं छायाचित्र ओफ्रेंडावर ठेवलें. कांहींनीं तें भिंतीवरच राहूं दिलें आणि खालीं एक दिवा लावला. कित्येक आया एकत्र जमून लोखंडी गज घेऊन माळरानें धुंडाळतात. गज जमिनींत खोल ठोकून वर काढतात आणि त्याच्या टोंकाचा वास घेतात, खालीं प्रेत आहे कीं काय हें कळावें म्हणून. मुलगा मेलेला सांपडावा, अशी इच्छा कोणती आई करील? तरी त्या शोधीत असतात. कारण सांपडलेल्या मृताला नांव मिळतें, थडगें मिळतें आणि वर्षांतून एक दिवस घरीं येण्याची वाट मिळते. जे लोक मृत्यूची थट्टा करतात म्हणून प्रसिद्ध आहेत, त्यांच्या बायका एका निश्चित मृत्यूसाठीं उन्हातान्हांत माती उकरीत आहेत.

ओफ्रेंडा मांडून झाली म्हणजे पुष्कळ घरांत शेंवटीं एक जादा मेणबत्ती लावतात, आणि कोठें कोठें तिच्याजवळ पाण्याचा पेला व पावाचा तुकडाही ठेवतात. ती एकाकी आत्म्यासाठीं असते. ज्याचें जगांत कोणी उरलें नाहीं, ज्याचें नांव कोणाला आठवत नाहीं, त्याच्यासाठीं. पोसादासारख्यांना याच मेणबत्तीचा आधार आहे. पण जिचा मुलगा नाहींसा झाला आहे, त्या आईला ती मेणबत्तीही आपल्या मुलासाठीं लावतां येत नाहीं. कारण तो एकाकी नाहीं, त्याचें नांव तिला ठाऊक आहे, आणि ती अजून जिवंत आहे.

३ नोव्हेंबरला मेज आवरलें जातें. अन्न घरांत वांटून खातात. उरलेलें ताटांत घालून शेजारीं-पाजारीं आणि सोयऱ्यांकडे पोंचवितात, आणि त्यांच्याकडूनही ताटें येतात. पाकळ्या झाडून काढतात. आजोबांचें छायाचित्र पुन्हां भिंतीवर जातें, आणि संध्याकाळीं नेहमींप्रमाणें दार लावून घेतलें जातें. आयोत्सिनापाच्या मुलांच्या घरीं मात्र दाराकडे लक्ष ठेवण्याचा दिवस संपलेला नसतो.